तिसऱ्या ओवीतला मोती

"हात काळा कर," अण्णा म्हणाले.

ज्या आरशासमोर बसून मी वर्षभर तोंडाला रंग लावला, त्याच आरशासमोर बसून मी उजव्या हाताला कोपरापर्यंत काजळी फासली. शेजारच्या स्टुलावर हौसा बसली होती. सकाळचा रंग तिच्या गालांवर अजून तसाच होता. अंगावर जांभळं लुगडं होतं. ते माझ्यासाठी आणलेलं, माझ्या चौथ्या चित्रासाठी.

"अनूअक्का, कोपराला जागा ऱ्हायली बगा. मी लावू?"

"राहू दे. हात खराब होतील. आता तू हिरॉईन."

"तर वो! हिरॉईन!" ती खळखळून हसली. "हिरॉईनीनं सकाळधरनं निस्ता च्या पिलाय. भाकरी बांधून आणलीया, तुमाला देऊ का अर्धी?"

मी काजळी कोपराच्या वर चढवली आणि उठले.

एकोणीसशे पस्तीस साल. कोल्हापूरला रंकाळ्याच्या पलीकडे आमची पत्र्याची शेड होती. आम्ही मोठे बोलपट काढत नव्हतो, तेवढी ऐपतच नव्हती. आम्ही काढायचो एका गाण्याचं चित्र. दहा मिनिटांत खेळ आटपायचा. वरच्या अर्ध्या पडद्यावर गाणारी बाई, खाली गाण्याची एक एक ओळ, आणि त्या ओळीवरून अक्षरागणिक उड्या मारत जाणारा पांढरा मोती. मोती ज्या अक्षरावर टेकला ते अक्षर लोकांनी म्हणायचं. जाहिरातीत त्याला 'सहगानपट' असं भारदस्त नाव होतं. जत्रांतले लोक म्हणायचे, 'मोत्याचा खेळ.'

तो मोती कसा नाचायचा, हे फार थोड्यांना ठाऊक होतं. शेडचे मालक अण्णा जातीचे सुतार. त्यांनी पिंपाएवढा एक लाकडी ढोल केला होता. त्यावर काळं कापड ताणायचं, कापडावर पांढऱ्या रंगानं ओळी काढायच्या. दाजी पेटीवाले हळूहळू दांडा फिरवायचे, की एक एक ओळ वर यायची. आणि एक माणूस काळा झगा घालून, हात काळा करून, काळ्या काठीच्या टोकाला बसवलेला बोराएवढा पांढरा मणी अक्षरांवर टेकवत जायचा. काळ्यात काळं दिसत नाही. पडद्यावर दिसायचा तो फक्त मोती.

आणि दुसरी गोष्ट त्याहून मोलाची. वरची बाई आणि खालच्या ओळी एकाच फिल्मवर यायच्या. आधी कॅमेऱ्याचा खालचा भाग पुठ्ठ्यानं झाकून बाईचं चित्र घ्यायचं, मग तीच फिल्म मागे गुंडाळून, वरचा भाग झाकून, ओळी घ्यायच्या. मोती चुकला तर वरची बाईसुद्धा वाया. दुसरी संधी नाही. म्हणून मोती नाचवायला गाण्याचा श्वास ओळखणारा माणूस लागायचा.

माझ्या तीन चित्रांत तो माणूस अण्णा स्वतः होते. त्या दिवशी ते कॅमेऱ्यामागे उभे राहिले, आणि हौसाला गाणं मीच बसवलेलं म्हणून काठी माझ्या हातात आली.

*

माझी तीन चित्रं म्हणजे एक भूपाळी, एक पाळणा, एक गौळण. मी मिरजेला गुरुजींकडे अकरा वर्षं गळा घासलेली. भूपाळीच्या शेवटच्या ओळीवर मी जी जागा घेतली होती, ती घेताना दाजींनी पेटीवरचा हात उचलला आणि नुसते ऐकत राहिले. तंबूवाल्यांची पत्रं यायची. 'बाईंचे गाणे सुरू झाले की तंबूत तान्हे मूलदेखील रडत नाही.' ते पत्र मी आईला वाचून दाखवलं. आईनं माझी दृष्ट काढली.

अण्णांनी मात्र ते पत्र दोनदा वाचलं आणि डोक्यावरची टोपी काढून गुडघ्यावर ठेवली.

"अनू, लोक गप्प बसतात म्हणे."

"ऐकतात अण्णा."

"तेच की गं. लोकांनी गायचं आहे. मोती बिचारा नाचतोय, नाचतोय, आणि एक माणूस तोंड उघडत नाही. तू असं गातेस की शेजारी उभं राहायला जागाच ठेवत नाहीस."

मला ती स्तुती वाटली. माणसाला ऐकायचं असतं तेच ऐकू येतं.

पुढच्या महिन्यात ढोलाचं काळं कापड आणायला अण्णा इचलकरंजीला गेले आणि कापडाबरोबर हौसाला घेऊन आले. कोष्ट्याची पोर, मागावाल्यांकडे सुताच्या कांड्या भरणारी. वय असेल विशीच्या आतबाहेर. नवऱ्यानं टाकलेली, असं दाजी म्हणाले. तिचं म्हणणं, "म्याच टाकला त्येला." शेडमध्ये आली तेव्हा पायात वहाण नव्हती, आणि हातवारे असे की हवेतसुद्धा सूत गुंडाळतेय.

"गा," अण्णा म्हणाले.

"काय गाऊ? आमाला गानं येत न्हाई. कांड्या भरताना म्हनतो त्ये म्हनू?"

"तेच म्हण."

ती गायली. आलाप नाही, तान नाही, मुरकी नाही. सरळ, उघडा आवाज.

मागावर माय माझी
उगवतीला बसली
उन्हाची गं एक काडी
किनारीत गवसली

दुसऱ्यांदा ती ओवी आली तेव्हा रंधा मारणाऱ्या सुताराचा हात थांबला आणि तो गुणगुणू लागला. दाजी म्हणू लागले. चहा घेऊन आलेली बायजाबाई कपबशा हातात धरून म्हणू लागली. माझे ओठ हलले. मी ते दातांखाली दाबले.

त्या संध्याकाळी अण्णांनी मला बाजूला घेतलं. "हादग्याची सहा गाणी काढायची आहेत. सहा चित्रं, सलग. आधी हौसाच्या या गाण्याची एक फिल्म काढून निपाणीच्या उरुसात लावून बघू. बायका गायल्या, तर सहाही हौसाची. नाही गायल्या, तर तुझी. मी उगीच आडपडदा ठेवत नाही."

"आणि तोवर मी काय करू?"

"तिला सुरात धरायला शिकव. तुझ्याशिवाय कोण आहे?"

शिकवलं. पेटीच्या पट्टीत गायला तिला दोन दिवस लागले. मला गुरुजींनी पहिला षड्ज लावायला तीन महिने बसवलं होतं. रोज सकाळी ती माझ्या पायांना हात लावायची, आणि रोज सकाळी मला वाटायचं की ही माझ्या पायांखालचीच जमीन चाचपून बघतेय. ती हसली की शेड हसायची. अण्णा तिच्याशी बोलताना इचलकरंजीसारखं बोलायला लागले होते. बायजाबाई तिच्या चहात आलं घालायची. माझ्या चहात कधी आलं नव्हतं. वर्षभरात माझ्या ते ध्यानातही आलं नव्हतं, आता रोज येत होतं.

*

तर मी काळा झगा चढवून ढोलासमोर उभी राहिले. गाणं आधीच तबकडीवर भरून घेतलं होतं; तिच्यावर सुई टेकली. हौसाचा आवाज आला, दाजींनी दांडा फिरवला, पहिली ओळ वर आली. मी मोती टेकवला.

पहिल्या ओवीला मी चोख होते. दुसरीलाही.

लेक निघाली सासरी
कांडी अर्धीच राहिली
उरलेल्या सुतावाणी
वाट मायेनं पाहिली

माझ्या उजवीकडे, कॅमेऱ्याच्या बाहेर, हौसा उभी होती. तिच्याच आवाजावर मोती उड्या मारताना बघून तिनं तोंडावर पदर धरला होता. डोळे भरले होते. ती माझ्याकडे बघत नव्हती. मी तिथं नव्हतेच; काळ्यात काळी. तिला दिसत होता तो फक्त मोती.

तिसरी ओवी वर आली.

तुटल्या गं धाग्याला मी
गाठ मारिते गं आत
पदरावं दिसू नये
कुणाचा गं चुके हात

'तुटल्या' म्हणायच्या आधी ती एक लहानसा श्वास घेते. तो श्वास मला पाठ होता, कारण मीच तिला तो घ्यायला शिकवला होता. मी तो श्वास घेतला आणि सोडलाच नाही. मोती अर्धी मात्रा मागे राहिला. 'धाग्याला'वर मी त्याला आणखी मागे ओढला. ती 'गाठ'वर होती, माझा मोती अजून 'ला'वर. चार ओळी तो तसाच लंगडत गेला. काठी जराही थरथरली नाही. अकरा वर्षांच्या रियाजाचं मी असं चीज केलं.

फिल्म धुऊन आली, आम्ही शेडमध्ये बघितली. दिवा लागला. अण्णा म्हणाले, "तिसऱ्या ओवीला मोती मागं राहतोय."

"हौसानं घाई केली तिथं," मी म्हटलं.

दाजींनी पेटीच्या भात्यावरची धूळ फुंकली. त्यांनी तबकडी शंभरदा ऐकली होती.

अण्णांनी हौसाकडे बघितलं. ती उकिडवी बसली होती. तिनं आधी माझ्याकडे बघितलं, मग पडद्याकडे. पडदा आता कोरा होता.

"आसंल," ती म्हणाली. "मी घाई केली आसंल."

"पुन्हा काढायला पैसे नाहीत," अण्णा म्हणाले. "आहे तशीच निपाणीला लावू."

*

निपाणीचा उरूस. दुपारी तीनला फक्त बायकांचा खेळ. तंबाखूच्या वखारी उरुसासाठी बंद, त्यामुळे वखारीत पानं निवडणाऱ्या बायका झाडून आल्या होत्या. तंबूला आतून काळं कापड लावलं होतं. आत तंबाखूचा, घामाचा आणि सुरंगीच्या गजऱ्यांचा वास कोंडला होता. बाहेर इंजिन धडधडत होतं. हौसा आणि मी मागच्या बाजूला जमिनीवर बसलो. तिनं डोक्यावरून पदर ओढून घेतला होता, कुणी ओळखू नये म्हणून.

"अक्का, म्हनतील का वो बायका?"

"बघू."

मी आले होते ती फजिती बघायला. मोती मागे राहणार, शे-दोनशे बायका अडखळणार, हसणार, गप्प होणार. आणि मग हादगा माझा.

आमच्या अगदी पुढे वखारीतल्या बायकांचा घोळका होता. मधोमध चाळिशीची एक किडकिडीत बाई, तिची बोटं तंबाखूनं पिवळीधमक झालेली. बाकीच्या तिला चिडवत होत्या.

"तानूबाई, वाचशील न्हवं आज? का निस्तीच पाटी मिरवतीस?"

"लेकाची पाटी घेऊन बसती रोज. लेक झोपला तरी ही ग म भ न."

"वाचीन की," तानूबाई म्हणाली. "मोठी अक्षरं असली तर वाचीन. बारकी न्हाई येत अजून."

"आन् जोडाक्षरं?"

"जोडाक्षरं जरा दमानं."

तेव्हा मी तंबूभर नजर फिरवली. शे-दोनशे बायका, आणि त्यांतली वाचता येणारी ही एक. आम्ही वर्षभर ढोल फिरवला, अक्षरं रंगवली, मोती नाचवला, आणि ज्यांच्यासाठी नाचवला त्यांच्यात अक्षर येतं कुणाला, हे शेडमध्ये एकानंही विचारलं नव्हतं. हौसालाही वाचता येत नव्हतं. मी तिला गाणं तोंडी बसवलं होतं.

पडदा उजळला. हौसाचा चेहरा आला, तंबूएवढा.

"आगं बया! कोष्ट्याची दिसतीया. कांड्या भरतीया बग."

पहिल्या ओवीला दोन-चार आवाज आले. ओवी दुसऱ्यांदा आली तेव्हा तंबू गायला लागला. मोत्याकडे कुणी बघत नव्हतं. सगळ्या तिच्या तोंडाकडे बघत होत्या, आणि ती उघडेल तसं आपलं तोंड उघडत होत्या. शेजारणीच्या गुडघ्यावर ताल धरत होत्या. कापडाची भिंत हलत होती. मी अकरा वर्षांत जे ऐकलं नव्हतं ते त्या दुपारी ऐकलं. गाणं कुणा एकीचं राहिलं नव्हतं. माझ्या छातीत कळ आली ती त्या सुखाची नव्हती, हे इतक्या वर्षांनी लपवण्यात अर्थ नाही. हे हिला मिळालं, मला नाही, याची ती कळ होती.

फक्त तानूबाई वाचत होती. पिवळं बोट हवेत धरून, मोत्याबरोबर एक एक अक्षर. पहिली ओवी चोख. दुसरीही चोख. शेजारणी गाता गाता तिच्याकडे वळून बघू लागल्या.

"आगं, खरंच वाचतीया ही!"

तानूबाईची मान ताठ झाली. आवाज चढला.

आणि तिसरी ओवी आली.

तंबू 'गाठ'वर गेला. तानूबाईचं बोट मोत्याबरोबर 'ला'वर थांबलं. तिनं मोत्यावर विश्वास ठेवला. सगळा तंबू पुढे गेला आणि ती एकटी मागून, मोठ्यानं, चुकीच्या जागी, "गाठ... मारि... ते..." म्हणत राहिली.

घोळका फुटला. "चुकली गं बया चुकली! पाटी फुटली हिची!"

"घरी जाऊन लेकाचा मार खा आता!"

तिनं बोट खाली घेतलं. दुसऱ्या हाताच्या मुठीत धरलं. ओवी संपली, चित्र संपलं, कनातीची दारं उघडली, उजेड आत आला. बायका अजून गातच उठत होत्या. ती उठली नाही. हसून, स्वतःशीच बोलल्यासारखी म्हणाली, "माझंच चुकलं. अजून येत न्हाई मला नीट. उगंच मिरवलं."

हौसानं माझ्याकडे बघितलं. "सांगा की तिला, अक्का."

"काय सांगू?"

"तुमास्नी ठावं हाय काय त्ये."

माझ्या जिभेवर वाक्य आलं होतं. साधं, पाच शब्दांचं. बाई, तुमचं काही चुकलं नाही. ते जिभेवर राहिलं आणि वाळलं.

हौसा उठली. डोक्यावरचा पदर मागे टाकला, आणि तानूबाईसमोर उकिडवी बसली.

"मावशी, तुमी बरूबर वाचलं. चूक माजी हाय. मी घाई केली तिथं गाताना."

तानूबाईनं तिच्या तोंडाकडे बघितलं, मग कोऱ्या पडद्याकडे, मग परत तिच्या तोंडाकडे. "तू... तूच न्हवं का गं ती?"

झालं. शंभर बायका वळल्या. कुणी तिच्या गालांवरून हात फिरवून बोटं मोडली, कुणी गजरा काढून तिच्या केसांत खोवला. तानूबाई तिचा हात सोडेना. सगळ्यांना सांगत सुटली, "बगा! ही सोता म्हनतीया, मी बरूबर वाचलं!"

मी खांबाला टेकून उभी होते. आणि त्या क्षणीही माझ्या मनात काय आलं? ती खोटं बोलली, ते खोटंसुद्धा माझंच होतं, मीच ते शेडमध्ये बोलले होते. आणि तेही तिच्या तोंडी माझ्यापेक्षा गोड लागलं.

गर्दी ओसरल्यावर ती गजरा सावरत आली. "चला," म्हणाली. दोन पावलं गेल्यावर माझ्याकडे न बघता विचारलं, "अक्का, त्या दिवशी हात दुखत हुता, का जीव?"

"तुला कधी कळलं?"

"तवाच. अक्षर येत न्हाई मला. पर माजा श्वास मला कळतो की."

"मग बोलली का नाहीस?"

ती थांबली. "श्वास तुमीच दिलेला. म्हटलं, तुमचा हाय, घेतला माघारी." आणि मग पहिल्यांदाच कडू होऊन म्हणाली, "पर त्या मावशीचं काय घ्यायचं हुतं वो तुमाला?"

*

दुसऱ्या दिवशी पुन्हा तीनचा खेळ होता. मी अण्णांकडे गेले. ते इंजिनाजवळ बसून पान लावत होते.

"अण्णा, काठी द्या."

"कसली?"

"मोत्याची. सामानात आहे. तिसऱ्या ओवीला मी पडद्यापाशी उभी राहते. अक्षरं येणारं कुणी असलं, तर त्याला बरोबर मोती दिसू दे."

अण्णांनी पानाची घडी घातली, पण तोंडात घातली नाही. "म्हणजे हौसानं घाई केली नव्हती."

"नव्हती."

त्यांनी पान तसंच डब्यात ठेवलं. मग ते उठले, पेटारा उघडला, काठी काढली आणि मण्याकडून नव्हे, मुठीकडून माझ्या हातात दिली. "हादगा हौसाचा," एवढंच म्हणाले.

"ठाऊक आहे."

पुढे अण्णांनी मला कधी गायला उभं केलं नाही. रागावले नव्हते. दर सणाला घरी बोलवायचे. पण कॅमेऱ्यासमोर नाही. मी पुढे गाण्याच्या शिकवण्या केल्या, पुष्कळ मुली तयार केल्या, आणि मोठ्या बोलपटांच्या लाटेत चार-पाच वर्षांत मोत्याचा खेळही बुडाला.

पण ती निपाणीची दुसरी दुपार. तिसरी ओवी आली तशी मी काठी घेऊन पडद्यासमोर गेले. अंगावर काळा झगा नव्हता, हाताला काजळी नव्हती. माझी सावली सरळ वर हौसाच्या चेहऱ्यावर पडली, कपाळापासून हनुवटीपर्यंत. पडद्यातला मोती मागे लंगडत होता, माझा मोती पुढे चालला होता. तंबू गात होता. कुठून तरी पुढच्या रांगेतून एक पिवळं बोट वर झालं, आणि ते माझ्या मोत्याबरोबर चाललं. ती तानूबाईच होती की वखारीतली आणखी कुणी, डोळ्यांवर आलेल्या झोतात मला दिसलं नाही. मी बरोबर मोती दाखवत होते की हौसाचं तोंड झाकत होते, हेही मला तेव्हा नीट सांगता आलं नसतं.

"ए बाई!" मागून कुणीतरी ओरडलं. "बाजूला हो की! गानारीचं त्वांड दिसंना!"

मी बाजूला झाले नाही. 'चुके हात' हे शेवटचे दोन शब्द उरले होते. ते नीट टेकवले, आणि मगच काठी खाली घेतली.